पायाखालची मॅट ओली का?

पसरणी घाट, डिसेंबर, रात्रीचे साडेनऊ. बाहेर कडाक्याची थंडी, मागच्या सीटवर स्वेटर-मफलरमध्ये गुंडाळलेली आई, आणि पाचगणीला मावशी पिठलं-भाकरी करून वाट बघतेय... म्हटलं, चला, या वर्षी पहिल्यांदाच हीटर लावू. नॉब लाल खुणेवर नेला, हवा समोरच्या काचेकडे वळवली. आणि दोन मिनिटांत काच पांढरी! साधं धुकं नव्हे हं. फडक्याने पुसायला गेले तर तुपाचा हात फिरवल्यासारखी पसरली. समोरून येणाऱ्या ट्रकचे दिवे त्या काचेत असे काही फुटले की रस्ता कुठे आणि दरी कुठे, काही कळेना. उरलेला घाट मी खिडकीतून मान बाहेर काढून चढले. आई पाठीमागून रामरक्षा म्हणत होती. त्या दिवसापासून माझा त्या गाडीवरचा विश्वास उडाला.

गाडी बाबांची. २०१२ची, साधी हॅचबॅक, अगदी बेसिक मॉडेल. बाबा हल्ली रात्री चालवत नाहीत, मोतीबिंदूमुळे. फ्रीलान्सर मुलीला स्वतःच्या गाडीचा हप्ता झेपत नाही, त्यामुळे चावी माझ्याकडे. तुमच्यापैकी अनेकांच्या घरी हीच व्यवस्था असणार, कबूल करा!

पुण्यात परतल्यावर दिवसाउजेडी बघितलं तर डावीकडच्या सीटखालची मॅट ओली. खालचा गालिचा तर पिळून काढावा इतका. लगेच गॅरेज गाठलं. ‘एसीचं पाणी आहे मॅडम, ड्रेन पाईप चोकअप झालाय.’ पाईप साफ केला, ६०० रुपये घेतले. चार दिवसांनी मॅट पुन्हा ओली. दुसरं गॅरेज. ‘काचेचं रबर गेलंय, पावसाचं पाणी झिरपतंय.’ सीलंट लावलं, १,८०० रुपये. आठवड्याने मॅट पुन्हा ओली. आता गाडीत एक गुळमट वास पण यायला लागला होता, पाकाचं भांडं धुवायचं राहून गेल्यासारखा. मी डॅशबोर्डवर मोगऱ्याचं परफ्यूम लावलं. हसू नका.

तिसऱ्या गॅरेजचे दादा मात्र वासावरूनच म्हणाले, ‘ताई, हीटर कोअर असेल. डॅशबोर्ड उतरवावा लागेल. १४ हजार.’ माझा चेहरा बघून त्यांनी स्वस्तातला उपाय सांगितला. ‘नाहीतर बायपास करून देतो, दोनशे रुपयांत. पुण्यात हीटर लागतो कुणाला?’

प्रश्न बिनतोड होता. मी घरी येऊन तो बाबांना विचारला.

बाबांनी ३५ वर्षं भोसरीतल्या एका कारखान्याच्या टूल रूममध्ये काढली. त्यांनी मला उलट दोन प्रश्न विचारले. ‘एसी शेवटचा कधी लावलास?’ दिवाळीनंतर नाहीच. ‘आणि पाऊस शेवटचा कधी पडला?’ ऑक्टोबरात. ‘मग एसीचं पाणी आणि पावसाचं पाणी डिसेंबरात आलं कुठून गं?’

बॉस! २,४०० रुपये घालवून जे कळलं नाही, ते भिंतीवरच्या कालनिर्णयाकडे बघून कळत होतं.

आधी गुन्हा सिद्ध करा

हीटर कोअर म्हणजे डॅशबोर्डच्या पोटात बसवलेला छोटा रेडिएटर, साधारण जाडजूड वहीएवढा. पेट्रोल जाळून जी उष्णता तयार होते, तिच्यातला साधारण एक तृतीयांश भाग इंजिनाभोवती फिरणारं कूलंट शोषून घेतं. हेच गरम कूलंट दोन रबरी होज पाईपमधून, इंजिन आणि केबिन यांच्यामधल्या पत्र्यातून आत येतं, कोअरमधून फिरतं आणि परत जातं. पंख्याची हवा कोअरवरून गेली की तुम्हाला ऊब मिळते. म्हणजे हीटर जवळजवळ फुकट. (इलेक्ट्रिक गाडीवाल्यांना ही चैन नाही, त्यांना ऊब बॅटरीतून काढावी लागते.) पण हाच कोअर गळायला लागला की कूलंट तुमच्या पायाशी येतं, त्याची वाफ काचेवर बसते आणि तिकडे इंजिनातलं कूलंट गुपचूप कमी होत जातं. गाडीखाली थेंब दिसत नाही, त्यामुळे एक दिवस काटा थेट लाल रेघेवर गेल्यावरच कळतं. तोवर हेड गॅस्केट गेलं तर १४ हजार स्वस्त वाटतील.

तरी बाबांचं म्हणणं एकच. संशयावरून डॅशबोर्ड उघडायचा नाही.

पहिली तपासणी टिश्यू पेपरची. ओल्या गालिच्यावर पांढरा टिश्यू दाबला. एसीचं पाणी असतं तर ते नुसतं पाणी, रंग नाही, वास नाही. आमचा टिश्यू फिकट पोपटी झाला, कडेला तपकिरी, आणि बोटांना बुळबुळीत लागला. दुसरी तपासणी, इंजिन पूर्ण थंड असताना कूलंटच्या बाटलीवर मार्करने रेघ. चार दिवसांत पातळी बोटभर खाली. तिसरी तपासणी मात्र खरी परीक्षा. तिसऱ्या गॅरेजच्या दादांकडून हातपंप एक दिवसासाठी मागून आणला. (१४ हजारांचं काम हातचं गेलेलं असूनही दिला, हे विशेष.) रेडिएटरच्या टोपणाच्या जागी हा पंप बसतो. टोपणावर ०.९ लिहिलेलं होतं, म्हणून दाब तेवढाच भरला. पंधरा मिनिटांत काटा निम्म्यावर आला. मग हीटरचे दोन्ही होज काढून यू आकाराच्या तुकड्याने एकमेकांना जोडले, म्हणजे कोअर वगळला, आणि पुन्हा दाब भरला. पंधरा मिनिटं झाली, वीस झाली. काटा ढिम्म.

‘आता उघड,’ बाबा म्हणाले.

खरं तर काम इथेच थांबवता आलं असतं. बायपास झालाच होता, गाडी मजेत चालली असती. काचेवरचं धुकं एसीनेही जातं, मान्य. पण डिसेंबरातल्या पाचगणीत एसी लावून माझ्या आईला बसवून दाखवा! शिवाय बाबांनी एक फंडा सांगितला, जो मला माहीत नव्हता. घाटात इंजिन तापायला लागलं तर हीटर फुल्ल सोडायचा, थोडी उष्णता त्या वाटेने बाहेर पडते. त्यांना तो छोटा रेडिएटर शाबूत हवा होता.

मसाल्याचा डबा आणि ४१ स्क्रू

अडचण अशी की त्याच आठवड्यात बाबांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. वाकायचं नाही, वजन उचलायचं नाही, धुळीत जायचं नाही. म्हणून ते काळा चष्मा लावून सोसायटीच्या पार्किंगमध्ये खुर्ची टाकून बसले आणि मी गाडीत उलटी लटकले. शनिवार-रविवार, दोन दिवस. वॉचमनने दोनदा विचारलं, ‘ताई, गाडी विकली का?’

सुट्टे भाग नाना पेठेत मिळाले. कोअर १,९०० रुपये, नवे होज आणि क्लॅम्प ३५०, दोन लिटर कूलंट ७००, डिस्टिल्ड वॉटरचा पाच लिटरचा कॅन १५०. मॉडेल आणि साल सांगूनही दुकानदाराने आधी दुसराच कोअर हातात ठेवला होता, तेव्हा मोबाइलवर फोटो घेऊन जा.

सुरुवातीला बॅटरीची निगेटिव्ह वायर काढली. आमच्या बेसिक मॉडेलला एअरबॅग नाही म्हणून मी हे धाडस केलं. तुमच्या गाडीत एअरबॅग असेल तर डॅशबोर्ड घरी उघडायच्या भानगडीत पडू नका, प्लीज. मग गाडीखाली घमेलं ठेवून कूलंट सोडलं.

ते हिरवं असायला हवं होतं. बाहेर आला तो चहा. दुधाचा नव्हे, कोरा, गाळ असलेला चहा. मी घमेलं उचलून बाबांच्या पुढ्यात धरलं. त्यांनी काळा चष्मा कपाळावर सरकवला, बघितलं आणि बराच वेळ काही बोलले नाहीत.

दर महिन्याला पातळी बघून ‘टॉप अप’ करणारे बाबाच होते. कशाने? सोसायटीच्या बोअरच्या पाण्याने. आमच्या बोअरच्या पाण्याने बादलीला पांढरा थर धरतो, गीझरची कॉइल दर दोन वर्षांनी जाते, हे आम्हाला सगळ्यांना माहीत. तेच पाणी वर्षानुवर्षं ॲल्युमिनियमच्या त्या बारीक नळ्यांमधून फिरत होतं. कूलंटचं काम नुसतं थंड करणं नव्हे, आतून गंज धरू न देणं हेही. ते पातळ होत गेलं आणि कोअर आतून कुरतडला गेला.

‘कारखान्यात मशिनच्या कूलंटमध्ये कुणी नळाचं पाणी घातलं असतं तर मी त्याला उभा फाडला असता,’ बाबा म्हणाले. मग, ‘स्क्रू मोजून ठेव.’

स्क्रूसाठी मी आईचा मसाल्याचा डबा आणला होता. सात वाट्या, सात जागांचे स्क्रू. मोहरीच्या वाटीत ग्लव्ह बॉक्सचे, हळदीच्या वाटीत स्टीअरिंगखालचे, असं. एकूण ४१ निघाले. प्रत्येक वायरच्या जोडाला चिकटपट्टी, तिच्यावर नंबर, आणि काढण्याआधी फोटो. डॅशबोर्ड पूर्ण बाहेर काढावा लागला. पण आमच्या गाडीत कोअर खोक्याच्या बाजूने सरकवून निघतो, एसीच्या पाईपना हात लावावा लागत नाही. हे निव्वळ नशीब. बऱ्याच गाड्यांमध्ये अख्खं खोकं उतरवावं लागतं, त्यासाठी आधी एसीचा गॅस काढून घ्यावा लागतो आणि ते काम घरचं नव्हेच. तुमच्या गाडीत काय आहे ते आधी शोधा, मग पाना उचला.

जुना कोअर हातात आला तेव्हा एका कोपऱ्यात पांढरट-हिरवी बुरशीसारखी पूड धरली होती. भोक? सुईच्या टोकाएवढं.

नवा बसवल्यावर माझी घाई सुरू झाली. संध्याकाळ होत आली होती, सोमवारी एक स्टोरी द्यायची होती. म्हटलं, डॅशबोर्ड लावून टाकते. बाबांनी पंप पुढे केला. ‘आधी दाब.’ मी जाम वैतागले. पाणी भरलं, दाब दिला. नव्या होजच्या एका क्लॅम्पखालून टप्, टप्. तो ४१ स्क्रू लावल्यानंतर दिसला असता तर मी गाडी खरंच विकली असती.

क्लॅम्प आवळला, काटा थांबला. आधी नुसत्या डिस्टिल्ड वॉटरने सगळी यंत्रणा धुऊन घेतली, मग कूलंट आणि डिस्टिल्ड वॉटर निम्मं-निम्मं भरलं, आणि डॅशबोर्ड चढवला. इंजिन सुरू केलं, हीटर फुल्ल... तर थंडगार हवा. रडायचीच बाकी होते. बाबा शांत. ‘हवा अडकलीय. नाक वर कर.’ म्हणजे माझं नव्हे, गाडीचं. इंजिन बंद करून, थंड होऊ देऊन पार्किंगच्या उतारावर गाडी तोंड वर करून लावली, रेडिएटरचं टोपण उघडं ठेवूनच पुन्हा चालू केली. (टोपण थंड इंजिनावरच उघडायचं. गरम असताना उघडलंत तर उकळतं पाणी तोंडावर येतं.) दहाएक मिनिटांनी बुडबुडे यायला लागले, पातळी खाली गेली, वरून आणखी भरलं. शेवटी हीटरचे दोन्ही होज हाताला सारखेच गरम लागले आणि टोपण लावलं.

राहिली साफसफाई. घमेल्यातलं कूलंट गटारात ओतू नका. ते विषारी असतं, वर चवीला गोड, आणि कुत्री-मांजरं ते चाटतात. आमच्या पार्किंगमध्ये तीन भटकी कुत्री असतात, म्हणून मी घमेल्यावर पाट ठेवून दिवसभर पहारा केला. नंतर कॅनमध्ये भरून गॅरेजला दिलं, तिथे जुन्या ऑइलबरोबर ते उचललं जातं. गालिचा पूर्ण उचलून दोन दिवस गच्चीवर वाळवला, कारण तो ओला राहिला तर खालचा पत्रा सडतो. काच भांड्याच्या साबणाने तीनदा धुतली, तेव्हा कुठे ते तूप गेलं.

कूलंटच्या बाटलीवरची मार्करची रेघ अजून आहे. बाबा रोज सकाळी फिरून येताना बॉनेट उघडून बघतात. उरलेल्या डिस्टिल्ड वॉटरच्या कॅनवर त्यांनी स्केचपेनने लिहिलंय, ‘फक्त गाडीसाठी’.

जानेवारीत पुन्हा पाचगणीला गेलो, या वेळी बाबाही. पसरणी घाट सुरू झाला तसा मी नॉब लाल खुणेवर नेला. काच स्वच्छ, पायाशी मस्त ऊब. पाचच मिनिटं झाली असतील, मागून आईचा आवाज आला, ‘अगं बंद कर ते, केवढं उकडतंय!’