जनावराचं वागणं ओळखा

जनावराला बोलता येत नाही असं आपण म्हणतो. पण सांगत मात्र ते सतत असतं. निरोगी गाय दिवसाकाठी सहा ते आठ तास रवंथ करते. तो थांबला की काहीतरी बिघडलं समजावं. व्यायल्यानंतर दोन-तीन दिवसांत गाय मान कुशीवर टाकून बसली आणि उठेना, तर रक्तातलं कॅल्शियम घटल्याचा संशय घ्यावा. पोटात तार किंवा खिळा गेलेलं जनावर पाठीची कमान करतं, उतारावर पाऊल टाकायला नाखूष असतं.

एक खूण मात्र माणसाच्या जिवाशी निगडित आहे. म्हैस एकाएकी वैरण सोडते, लाळ गाळते, पाणी घशाखाली उतरत नाही. घरचे म्हणतात, घशात काहीतरी अडकलं. मग कोणीतरी बाही सरसावून तिच्या तोंडात हात घालतो. हा रेबीज असू शकतो! या रोगात घशाचे स्नायू लुळे पडतात, म्हणून लाळ बाहेर येते. आणि विषाणू त्या लाळेतच असतो. हाताला साधं खरचटलेलं असलं तरी धोका आहे. कुत्रं चावल्याचं कोणाला आठवतही नाही, कारण मध्ये कित्येक आठवडे, कधी महिने गेलेले असतात.

घशात काही अडकलेलं जनावर मान ताणतं, खोकतं, त्याचं पोटही फुगतं. पिसाळलेलं जनावर घोगऱ्या आवाजात पुन्हा पुन्हा हंबरतं, रोजच्या माणसाच्या अंगावर जातं, मागच्या पायांत लटपटतं. पण काही जनावरं नुसतीच सुस्त होतात. तेव्हा खात्री नसेल तर तोंडात हात नको, नळीनं औषध पाजणंही नको. त्याला वेगळं बांधा, डॉक्टरांना बोलवा, दूध वापरू नका. लाळ लागली असेल तर ती जागा साबणानं, वाहत्या पाण्याखाली 15 मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी दवाखाना गाठून लशीबद्दल विचारा. माणसात लक्षणं दिसू लागल्यावर जीव वाचणं जवळजवळ अशक्य असतं.

डॉक्टर आले की घरातले पुरुष पुढे होऊन बोलतात. रोज धार काढणारी बाई मागे दाराशी उभी असते. आवाज कधी बदलला, म्हशीनं पान्हा कधी चोरला, हे तिला ठाऊक असतं. तिला पुढे बोलवा.