हापूस उतरवतं कोण?

उन्हाळ्यात आपल्या नागपूरच्या बाजारात हापूसच्या पेट्या येतात. पेटीवर नाव रत्नागिरीचं नाहीतर देवगडचं. पण तो आंबा झाडावरून उतरवणारा माणूस पुष्कळदा नेपाळचा असतो.

असं कसं झालं? कोकणातली तरणी माणसं पिढ्यान्‌पिढ्या मुंबईला जात आली. आधी कापडगिरण्यांत, मग मिळेल त्या कामाला. गावात उरले म्हातारे आणि बाया. २०११च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात हजार पुरुषांमागे ११२२ बाया होत्या. दहा वर्षांत लोकसंख्या वाढायची सोडून घटली. बाग आहे, पण झाडावर चढणार कोण?

पावसाळा सरला की नेपाळी माणसं येतात, काही बायकापोरांसह. बागेतच राहायचं, फवारणी करायची, माकडं हाकलायची, झेल्यानं आंबा देठासकट उतरवायचा. देठ तुटला तर चीक सालीवर ओघळतो आणि फळ डागाळतं. हे हलक्या हाताचं काम आहे बरं! पुढचा पाऊस लागायच्या सुमारास ते परततात. १९५०च्या भारत-नेपाळ करारामुळे त्यांना इथं व्हिसा लागत नाही.

समुद्रावरही तेच. मिरकरवाडा बंदरातल्या बोटींवर नेपाळ, कर्नाटक, उत्तर प्रदेशातले खलाशी असतात. जून-जुलै मासेमारी बंद. १ ऑगस्टला मुभा मिळते, पण खलाशी पोचले नाहीत तर बोट किनाऱ्यालाच. मग मासळी विकणाऱ्या कोळणीची पाटीही रिकामी.

या माणसांच्या पोरांचं काय? कर्नाटकातल्या खलाशाला आपलं रेशनकार्ड इथं चालतं, नेपाळ्याला ते मिळतच नाही. शाळेचं मात्र वेगळं आहे. २००९चा शिक्षण हक्क कायदा सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलासाठी आहे. जन्माचा दाखला नाही किंवा वर्ष अर्धं सरलं, म्हणून शाळेला प्रवेश नाकारता येत नाही. बागेतल्या कामकऱ्यांना हे कुणी सांगत नाही, म्हणून पोरं झाडाखालीच राहतात.

आपल्याकडेही कापूस वेचायला मध्य प्रदेशातून कुटुंबं येतात. त्यांच्या पोरांनाही हाच कायदा. शाळा व्यवस्थापन समितीत निम्म्या बाया असाव्या लागतात. आपल्या बचत गटातली कुणी तिथं असेल, तर दिवाळीनंतरच्या बैठकीत तिनं विचारावं : वेचणीला आलेल्यांची किती पोरं गावात आहेत, आणि हजेरीपटावर किती?