ज्यांनी कॅमेराच घडवला!

एकदा आमच्या जामखेडच्या शाळेत मी मुलांना विचारलं, "सिनेमा कोण काढतं रे?" मागून आवाज आला, "गुरुजी, ज्याच्याकडं लई पैसा असतो तो!"

सगळे हसले. मग मी त्यांना कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांची गोष्ट सांगितली.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० चा. घराणं कारागिरांचं. चित्रकला, मूर्तिकाम, यंत्रकाम, सगळं त्यांनी हातानं करून करूनच शिकून घेतलं. भाऊ आनंदरावांबरोबर ते नाटकांचे पडदे रंगवीत. म्हणून लोक त्यांना 'पेंटर' म्हणू लागले.

१९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला आणि या भावांना सिनेमाचं वेड लागलं. पण कॅमेरा कुठून आणायचा? तो विलायती आणि महागडा! दोघांनी ठरवलं, आपणच करू. आणि १९१६ साली आनंदराव वारले. स्वप्न अर्धंच राहिलं.

बाबूराव मात्र थांबले नाहीत. शिष्य विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून त्यांनी एकेक भाग घडवला. हे सोपं नव्हतं हं! कॅमेऱ्यात फिल्म क्षणभर थांबते, चित्र उमटतं, मग ती पुढे सरकते. असं सेकंदाला सुमारे सोळा वेळा! चाकाचा एक दाता चुकला तरी चित्र हलतं. अखेर कॅमेरा तयार झाला. तानीबाई कागलकरांनी पैशांची मदत केली आणि 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली.

१९२० साली 'सैरंध्री' पडद्यावर आला. दिग्दर्शन, देखावे, पोशाखांची चित्रं, सगळीकडे बाबूरावांचा हात! लोकमान्य टिळकांनी त्यांना 'सिनेमा केसरी' म्हणून गौरवलं.

१९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये त्यांनी जमीन गमावून शहरात मजुरीला गेलेला शेतकरी दाखवला. सिनेमा मुका होता, पण दुःख बोलत होतं. ज्यांचे आईवडील दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जातात, त्या आमच्या मुलांना ही गोष्ट समजावून सांगावी लागली नाही. वर्ग गप्प झाला होता.

शांताराम, दामले, फत्तेलाल हे बाबूरावांच्याच हाताखाली शिकले. १९२९ साली त्यांनी सोबत्यांसह 'प्रभात' कंपनी काढली. बाबूराव १९५४ साली गेले.

पालकांनो, मूल घरातलं जुनं घड्याळ उघडून बसलं, तर लगेच ओरडू नका. आधी विचारा, "काय करतोयस, बाळा?"