सकाळी साडेपाचचं पाणी

मोहाडी तालुक्यात पाण्याला तोटा नाही. वैनगंगा आहे, सूर नदी आहे, मालगुजारीच्या काळातले मामा तलाव आहेत. मासेमारी करणाऱ्या ढिवरांच्या पोरांना पोहणं कुणी मुद्दाम शिकवत नाही. पण कॉलेजकडून स्पर्धेत उतरायचं म्हटलं की मोजलेलं पाणी लागतं: 50 मीटरचा तलाव, दोरांनी आखलेल्या लेन, काठावर घड्याळ. त्यासाठी नागपूर गाठावं लागतं, ते मोहाडीहून ऐंशीएक किलोमीटर. भंडाऱ्यावरून एसटीने जा, नाहीतर तालुक्यातल्याच वरठीला भंडारा रोड स्टेशनवर गाडी धरा. घरून निघून रोज पहाटे साडेपाचला नागपूरच्या तलावात उतरणं होत नाही. म्हणून इथल्या पोहणाऱ्याचा दिवस नागपुरातल्या भाड्याच्या खोलीत उजाडतो. पुढचा दिवस कुणा एकाचा नाही. अशा पोरापोरींचे दिवस साधारण असेच जातात.

पावणेपाच. एक केळं, मूठभर भिजवलेले शेंगदाणे, पाणी. उपाशी पोटी दोन तासांचा सराव निभत नाही आणि भरल्या पोटी पोहवत नाही. बॅगेत गॉगल दोन ठेवायचे, एकाचा पट्टा कधी तुटेल सांगता येत नाही.

साडेपाच. अंबाझरीकडचा नागपूर सुधार प्रन्यासाचा तलाव असो की दुसरा कुठला, काठावरची पहिली दहा मिनिटं सगळीकडे सारखीच. खांदे फिरवायचे, जांभया आवरायच्या, सरांची नजर चुकवायची. डिसेंबरात नागपूरचा पारा दहाच्या खाली जातो. स्पर्धेच्या नियमात पाणी 25 ते 28 अंश सेल्सिअस असावं असं लिहिलंय; उघड्यावरच्या तलावाला ते कोण सांगणार? अंग दुखत असलं तरी पोर उतरतं, पण अशा पाण्यात हातपाय आखडतात आणि वेळ बिघडते.

आधी 800 मीटर सावकाश. मग किकबोर्ड धरून नुसते पाय, मग पायांत पुल बॉय अडकवून नुसते हात. त्यानंतर खरा सेट, उदाहरणार्थ दीड-दीड मिनिटाला सुटायचे 100 मीटरचे वीस. सव्वा मिनिटात पोचलात तर विश्रांती पंधरा सेकंद, सुस्तावलात तर तीही गेली. तेराव्या-चौदाव्या शंभराला खांद्यात आग होते. अनुभवी कोच ओरडतो तो नेमका तेव्हा, आणि तोही वेगासाठी कमी, टर्नसाठी जास्त. थकलेला पोहणारा भिंतीजवळ येऊन एक श्वास जास्त घेतो आणि तिथेच मागे पडतो. नदीत पोहलेल्या मुलाला सगळ्यात जड जातो तो हा टर्न, कारण नदीला भिंत नसते. दम त्याच्याकडे भरपूर असतो, पण डोकं पाण्याबाहेर धरायची सवय मोडायला बरेच महिने जातात. सकाळभरात पाचेक किलोमीटर होतात, म्हणजे तलावाच्या शंभर फेऱ्या.

साडेसात. भूक. कोपऱ्यावरचे तर्री-पोहे, मग खोलीवर चार अंडी आणि गावाहून आलेल्या तांदळाचा भात. भंडाऱ्याच्या पोराला सकाळी भात खायची लाज वाटू नये. दोनदा पोहणाऱ्याला तो लागतोच.

दहा. माझ्या मते सगळ्यात अवघड तास हा. केसांना क्लोरीनचा वास, डोळे लाल, आणि वर्गात पंख्याखालची जागा. हजेरी 75 टक्के भरायला हवी. राष्ट्रसंत तुकडोजी महाराज नागपूर विद्यापीठाखाली नागपूर, भंडारा, गोंदिया आणि वर्धा हे चार जिल्हे येतात. विद्यापीठाच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेतून संघ निवडला जातो आणि तो भारतीय विद्यापीठ संघाच्या अखिल भारतीय स्पर्धेला जातो. 2020 पासून खेलो इंडिया विद्यापीठ स्पर्धाही आहेत. पहिल्या भुवनेश्वरला झाल्या. आंतरमहाविद्यालयीन आणि अखिल भारतीय स्पर्धा बहुधा हिवाळी परीक्षांच्या आगेमागेच येतात. पोराची गैरहजेरी रजिस्टरात दिसते, पहाटेचे पाच किलोमीटर कुठल्याच रजिस्टरात नसतात. समजूतदार प्राध्यापक भेटला तर वर्ष निघतं. एवढी मोठी गोष्ट एकेका माणसाच्या समजूतदारपणावर सोडणं मला काही पटत नाही.

दुपारी दोन. झोप, दीड तास. मित्र हसतात.

पाच. पुन्हा पाणी. या वेळी अंतर कमी, वेग जास्त: 25 मीटरच्या झेपा, ब्लॉकवरून उड्या. कोल्हापूरच्या वीरधवल खाडेने 2018 मध्ये 50 मीटर फ्रीस्टाइल 22.43 सेकंदांत मारली. एवढ्या छोट्या शर्यतीत उडी चुकली की ती भरून काढायला जागाच उरत नाही. टर्नचं म्हणाल तर, नागपुरातच रिझर्व्ह बँकेत नोकरी करणाऱ्या कांचनमाला पांडे यांनी 2017 मध्ये मेक्सिकोतल्या जागतिक पॅरा स्पर्धेत 200 मीटर वैयक्तिक मिडलेचं सुवर्ण मिळवलं. त्यांना दिसत नाही. भिंत जवळ आली की काठावरचा मदतनीस काठीने टोकून कळवतो, तेवढ्यावर टर्न घ्यायचा. डोळस पोरं टर्नबद्दल तक्रार करू लागली की मी त्यांना हे सांगतो.

रात्री साडेआठ. घरचा फोन. आई विचारते, ‘जेवला का?’ बाबा विचारतात, ‘मंग पुढं काय?’ बाबांचा प्रश्न रास्त आहे. विद्यापीठाच्या स्पर्धेला वयाची अट असते. पंचविशी आली की ते दार बंद. पुढे क्लबात पोहा, शिकवा किंवा नोकरी बघा. राज्याच्या सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे, पण प्रमाणपत्राची पडताळणी होऊन ते टिकलं तरच. खाडे सोळाव्या वर्षी बीजिंग ऑलिंपिकला गेला. 2010 च्या ग्वांगझू आशियाई स्पर्धेत त्याने 50 मीटर बटरफ्लायमध्ये कांस्य आणलं. 1986 मध्ये खजान सिंगला रौप्य मिळाल्यानंतर पोहण्यातलं भारताचं ते पहिलं आशियाई पदक. पुढे तो तहसीलदार झाला, मालवणला. मोहाडीला तहसीलदार म्हणजे काय ते सांगायला नको. घरच्यांना हे उदाहरण फार आवडतं. नोकरीतून रजा न मिळाल्याने 2014 ची आशियाई स्पर्धा त्याची हुकली, हे मात्र फोनवर कुणी काढत नाही. नोकरी मिळते, पण पहाटेचे दोन तास आणि संध्याकाळचे दोन तास ती सहजी सोडत नाही. तरीही खाडे नंतर परतला आणि पुढची कित्येक वर्षं पोहला.

साडेनऊ. दिवा बंद. पोहणाऱ्याने जागून अभ्यास करू नये, तो दुपारच्या झोपेनंतर उरकावा.

मोहाडी-तुमसरच्या कॉलेजांतल्या क्रीडा शिक्षकांना एक विनंती. पोहण्यात कबड्डीसारखा अख्खा संघ लागत नाही, एका कॉलेजातून एकच पोर गेलं तरी चालतं. विद्यापीठाच्या जलतरण स्पर्धेची तारीख कळेल त्या दिवशी फळ्यावर लावा, आणि ढिवरपाड्यातल्या पोरांना ती स्वतः जाऊन सांगा.