मूर, आर्ची
(१३ डिसेंबर १९१३ – ९ डिसेंबर १९९८). विख्यात अमेरिकन व्यावसायिक मुष्टियोद्धा व ‘लाइट हेवीवेट’ गटातील जगज्जेता (१९५२–६२). या गटातील मुष्टियोद्ध्याचे वजन जास्तीत जास्त १७५ पौंड (सु. ७९·४ किग्रॅ.) असावे लागते. मूरच्या काळी मिडलवेट व हेवीवेट यांच्या दरम्यान हा एकच गट होता (→ मुष्टियुद्ध). त्याचे मूळ नाव आर्चिबाल्ड ली राइट. मिसिसिपी राज्यातील बेनॉइट येथे एका गरीब कृष्णवर्णीय कुटुंबात त्याचा जन्म झाला. आपले जन्मवर्ष १९१६ असल्याचे तो सांगे. त्याची आई मात्र १९१३ हे वर्ष सांगत असे. आपण जन्मतःच तीन वर्षांचे असलो पाहिजे, असा या विसंगतीचा उलगडा तो विनोदाने करी.

आई-वडील विभक्त झाल्यामुळे सेंट लूइस येथील नात्यातल्या मूर दांपत्याने त्याचा सांभाळ केला आणि त्यांचेच आडनाव त्याने धारण केले. किशोरवयात ट्रामगाडीतील सुटे पैसे चोरल्याबद्दल त्याला मिसूरी राज्यातील बूनव्हिल येथील सुधारगृहात पाठविण्यात आले. तेथील सु. २२ महिन्यांच्या वास्तव्यात त्याने मुष्टियुद्धाचा सराव सुरू केला. सुटकेनंतर बेकार तरुणांसाठी शासनाने काढलेल्या श्रमछावणीत त्याने काम केले व १९३५ च्या सुमारास तो व्यावसायिक मुष्टियुद्धात उतरला. १९३८ मध्ये कॅलिफोर्नियातील सॅन डिएगो येथे तो स्थायिक झाला. १९४० मध्ये त्याने ऑस्ट्रेलियाचा दौरा केला. १९४१ मध्ये जठरातील व्रण फुटल्याने त्याच्यावर तातडीची शस्त्रक्रिया करावी लागली. तो वाचेल की नाही, याचीच शंका होती. तथापि पुढील वर्षी तो पुन्हा आखाड्यात उतरला.

मूरच्या जीवनातील लक्षणीय गोष्ट म्हणजे त्याच्या गुणवत्तेस मिळालेली उशिराची संधी. १९४० च्या दशकात चार्ली बर्ली, हॉल्मन विल्यम्स, लॉइड मार्शल, एडी बुकर आदी कृष्णवर्णीय मुष्टियोद्ध्यांचा एक समर्थ वर्ग अमेरिकेत होता. त्यांच्याशी लढण्यात धोका मोठा व प्राप्ती अल्प, म्हणून जगज्जेते व त्यांचे व्यवस्थापक त्यांना टाळीत. परिणामी हे मुष्टियोद्धे वारंवार एकमेकांशीच लढत राहिले. १९४४ मध्ये मूरचा पराभव करणाऱ्या बर्लीला जगज्जेतेपदाची लढत कधीच मिळाली नाही. पुढे पिट्‌सबर्ग येथे कचरा वाहून नेण्याची नोकरी करून त्याने चरितार्थ चालविला. एझर्ड चार्ल्सने मूरला तीनही लढतींत (१९४६–४८) हरविले. मूरने मात्र प्रयत्न सोडला नाही. वृत्तपत्रांच्या क्रीडासंपादकांना सातत्याने पत्रे लिहून त्याने आपला हक्क लोकांपुढे मांडला. अखेर १७ डिसेंबर १९५२ रोजी सेंट लूइस येथे जोई मॅक्सिमला पंधरा फेऱ्यांच्या लढतीत गुणांवर हरवून त्याने जगज्जेतेपद मिळविले. त्या वेळी तो ३९ वर्षांचा होता. या लढतीसाठी मॅक्सिमला एक लाख डॉलरची हमी देण्यात आली होती. विजेत्या मूरच्या हाती केवळ ८०० डॉलर आले. मॅक्सिमचा व्यवस्थापक जॅक कर्न्स याला मूरच्या व्यवस्थापनात वाटाही मिळाला.

दीर्घकाळ टिकून राहण्याचे मूरचे रहस्य त्याच्या तंत्रात होते. दोन्ही हात छाती व चेहऱ्यापुढे आडवे धरून तो प्रतिस्पर्ध्याचे ठोसे कोपर, बाहू व खांदे यांवर झेली, शक्ती राखून ठेवी आणि संधी साधून प्रतिठोसा मारी. श्वसनावरील नियंत्रणास तो विशेष महत्त्व देई. लढतींच्या मधल्या काळात वाढलेले वजन घटविण्यासाठी तो कठोर आहारनियम पाळी. चपळ बचाव व अचूक प्रतिहल्ला यांमुळे त्याला ‘ओल्ड मंगूस’ हे टोपणनाव मिळाले; यातील ‘मंगूस’ हा इंग्रजी शब्द मराठीतील ‘मुंगूस’ या शब्दावरूनच तिकडे गेलेला आहे.

जगज्जेता झाल्यावर त्याने मॅक्सिमला आणखी दोनदा हरविले. तसेच हॅरल्ड जॉन्सन (१९५४), बोबो ओल्सन (१९५५) व योलांद पाँपे (१९५६) यांच्यावर विजय मिळविले. हेवीवेट गटाचे अजिंक्यपद मात्र त्याला लाभले नाही. २१ सप्टेंबर १९५५ रोजी न्यूयॉर्क येथे रॉकी मार्सियानोला त्याने दुसऱ्या फेरीत खाली पाडले. परंतु नवव्या फेरीत तो स्वतः बाद झाला. मार्सियानोच्या निवृत्तीनंतर रिक्त झालेल्या पदासाठी ३० नोव्हेंबर १९५६ रोजी झालेल्या लढतीत २१ वर्षांच्या फ्लॉइड पॅटर्सनने त्याला पाचव्या फेरीत हरविले.

मूरची सर्वांत संस्मरणीय लढत १० डिसेंबर १९५८ रोजी माँट्रिऑल येथे इव्हॉन ड्यूरेल या कॅनेडियन कोळ्याशी झाली. पहिल्याच फेरीत मूर तीनदा व पाचव्या फेरीत पुन्हा एकदा खाली पडला. तरीही तो प्रत्येक वेळी उठून उभा राहिला, हळूहळू लढतीवर ताबा मिळविला व अकराव्या फेरीत ड्यूरेलला बाद केले. वयाची पंचेचाळीस वर्षे पूर्ण होण्यास त्या वेळी तीन दिवस उरले होते. १९६० पासून निरनिराळ्या नियामक संघटनांनी त्याचे जगज्जेतेपद काढून घेण्यास सुरुवात केली व १९६२ मध्ये ते पूर्णतः संपुष्टात आले. त्याच वर्षी १५ नोव्हेंबरला त्याचा एकेकाळचा शिष्य कॅशस क्ले (नंतरचा मुहंमद अली) याने त्याला चौथ्या फेरीत हरविले. १९६० मध्ये क्ले काही काळ मूरच्या प्रशिक्षण-शिबिरात राहिला होता. पण झाडलोट व भांडी घासणे ही तेथील कामे न रुचल्याने तो निघून गेला. मार्सियानो व अली या दोघांशीही लढलेला मूर हा एकमेव मुष्टियोद्धा होय. १९६३ मध्ये तो निवृत्त झाला.

मूर सु. २२० व्यावसायिक लढती लढला. नोंदींत आकडे थोडेफार भिन्न असले, तरी १३० हून अधिक प्रतिस्पर्ध्यांना बाद करण्याची त्याची कामगिरी सर्वसाधारणपणे उच्चांक मानली जाते. द ॲडव्हेंचर्स ऑफ हकल्‌बरी फिन (१९६०) या चित्रपटातील पळून आलेला गुलाम जिम याची त्याची भूमिका गाजली. निवृत्तीनंतर ‘एनी बॉय कॅन’ हा उपक्रम सुरू करून त्याने वंचित वस्त्यांतील मुलांना मुष्टियुद्धाबरोबर शिस्त व स्वावलंबन यांचे धडे दिले. सुधारगृहात गेलेले स्वतःचे बालपण यामागे होते. १९७४ मध्ये किन्शासा येथील अलीविरुद्धच्या लढतीत तो जॉर्ज फोरमनच्या मार्गदर्शकांपैकी एक होता. १९९० मध्ये आंतरराष्ट्रीय मुष्टियुद्ध कीर्तिमंदिरात त्याचा समावेश करण्यात आला. सॅन डिएगो येथे त्याचे निधन झाले.