बिडाच्या गटारजाळ्यांची निगा

शाळेच्या आवारातील गटारावरची बिडाची जाळी अथवा छपराचे पाणी खाली आणणारा बिडाचा नळ यांकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. तथापि मधल्या सुटीत मुले धावतात ती याच जाळीवरून. म्हणून तिची निगा हा इमारतीच्या शोभेचा प्रश्न नसून मुलांच्या सुरक्षिततेचा आहे.

बीड म्हणजे सुमारे २ ते ४ टक्के कार्बन असलेले ओतीव लोखंड. ते कठीण, परंतु ठिसूळ असते. लोखंडी सळई मोडण्यापूर्वी वाकते. बीड मात्र एकदम तुटते. लोखंड, पाणी व प्राणवायू एकत्र आले म्हणजे गंज चढतो. पाण्यात मीठ असल्यास ही क्रिया वेगाने होते. यास्तव कोकण किनाऱ्यावर गंज लवकर धरतो. गंज मूळ लोखंडापेक्षा अधिक जागा व्यापतो, त्याचे पापुद्रे सुटतात आणि खालचा भाग पुन्हा उघडा पडतो.

गंज काढण्याचे काम वैशाखात, हवा कोरडी असताना करावे. प्रथम जाळीत अडकलेला पाला व माती काढावी, कारण ती ओल धरून ठेवतात. नंतर तारेच्या ब्रशाने व पॉलिश पेपरने सुटा गंज काढावा. हातोड्याचे जोरदार घाव घालू नयेत. बिडास तडा जातो. पृष्ठभाग पुसून पूर्ण कोरडा होताच, शक्यतो त्याच दिवशी, रेड ऑक्साइड प्रायमरचा हात द्यावा. तो वाळल्यावर तैलरंगाचे दोन हात द्यावेत. जाळीची खालची बाजू व कडा विसरू नयेत. गंजाचा आरंभ बहुधा तेथेच होतो.

जुन्या रंगात शिसे असण्याचा संभव असतो. घरगुती रंगांतील शिशावर आपल्या देशात २०१६ च्या नियमांनी कडक मर्यादा घालण्यात आली. त्यापूर्वीचा रंग कोरडा खरवडू नये. तो ओला करून, नाकातोंडास फडके बांधून काढावा व खरवड गोळा करावी. हे काम विद्यार्थ्यांकडून मुळीच करवू नये.

ओलसर मातीत बिडातील लोखंड कधी कधी झिजून जाते व मागे ग्राफाइटचा काळा सांगाडा उरतो. आकार जसाच्या तसा दिसतो. बळ मात्र नाहीसे झालेले असते. चाकूच्या टोकाने असा भाग सहज खरवडला जातो. अशी, अथवा तडा गेलेली वा पातळ झालेली जाळी रंगवणे म्हणजे धोका झाकून ठेवणे होय. ती बदलून घ्यावी व तोपर्यंत तेथे मुलांना जाऊ देऊ नये.

विद्यार्थ्यांस गंजाचे कारण प्रयोगाने दाखवावे. तीन बाटल्यांत स्वच्छ खिळे ठेवावेत: पहिलीत साधे पाणी, दुसरीत उकळून निवविलेले पाणी व वर तेलाचा थर, तिसरीत कोरडी हवा व कळीच्या चुन्याची पुरचुंडी. दुसरी व तिसरी बाटली घट्ट बंद करावी. काही दिवसांनी पहिल्या बाटलीतील खिळे गंजलेले दिसतील. पाणी व हवा यांपैकी एकास दूर ठेवले तरी लोखंड वाचते, हे मुलांना त्यावरून उमगेल. आणि रंगाचा थर जाळीसाठी नेमके हेच कार्य करतो.