हसरी रंगभूमी – लेखांक ७ : गाता विनोदवीर

मागच्या आठवड्यात आपण राजा गोसावींची कारकीर्द पाहिली. आज प्रशांत दामले.

आपल्या रंगभूमीवर गाणारा नट आणि हसवणारा नट ही फार काळ दोन वेगळी माणसं होती. १८८० मध्ये अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ आलं आणि प्रेक्षक गाण्यासाठी नाटकाला येऊ लागला. ‘वन्समोअर’ पदाला मिळायचा, हशा मधल्या गद्य प्रवेशांना. देवलांच्या ‘संशयकल्लोळ’मध्ये अश्विनशेठ आणि रेवती गातात, संशयानं पोखरलेला फाल्गुनराव मात्र गणपतराव बोडसांनी गद्याच्या जोरावर गाजवला. दामले यांनी ही दोन कामं एका अंगात आणली आणि चाळीस वर्षं निभावली. माझ्या मते त्यांच्या प्रयोगांच्या विक्रमांपेक्षाही ही गोष्ट मोठी आहे.

सुरुवात पुरुषोत्तम बेर्डे यांच्या ‘टूरटूर’मधून, १९८३ मध्ये. लक्ष्मीकांत बेर्डेही त्याच नाटकातले. दामले तेव्हा मुंबईच्या ‘बेस्ट’मध्ये नोकरी करत होते. पुढे ‘सुयोग’ या नाट्यसंस्थेनं आचार्य अत्र्यांची ‘मोरूची मावशी’ पुन्हा रंगमंचावर आणली. ती मावशी विजय चव्हाणांची, दामले सोबतच्या भूमिकेत; पण शेजारी उभं राहून दुसऱ्याच्या हशाला वाट करून देण्याचं शिक्षण तरुण नटाला अशाच नाटकात मिळतं. मग ‘ब्रह्मचारी’, ‘लग्नाची बेडी’, आणि १९९२ मध्ये वसंत सबनीसांचं ‘गेला माधव कुणीकडे’.

विनोदाचं टायमिंग म्हणजे नेमकं काय, हे दामल्यांच्या प्रयोगात नीट पाहता येतं. वाक्य पडतं, हशा उसळतो. तो चढत असताना पुढचं वाक्य बोललं तर ते ऐकू जात नाही आणि लोक पुढचं ऐकण्यासाठी हसणंही आवरतात. तो पूर्ण विरेपर्यंत थांबलं तर प्रसंग थंड पडतो. हशा उतरू लागतो तो क्षण पकडायचा. मधल्या काळात नटानं नुसतं उभंही राहायचं नाही. नजर, मान, सहकलाकाराकडे पाहणं, सगळं चालू राहिलं पाहिजे. आणि हा क्षण रोज बदलतो. पुण्यातला हशा वेगळा, कोल्हापुरातला वेगळा, रविवार दुपारचा आणखी वेगळा. ज्याला लय कळते त्याला हे लवकर साधतं. गायक ठेका ऐकत समेवर येतो, तसे दामले प्रेक्षागृह ऐकत वाक्यावर येतात.

‘एका लग्नाची गोष्ट’ पाहिलेल्यांना यात नवल वाटणार नाही. श्रीरंग गोडबोले यांचं लेखन, अशोक पत्की यांचं संगीत, सोबत कविता लाड. सुखाची व्याख्या विचारणारं त्यातलं गाणं नाटकाबाहेर घराघरांत गेलं. धावपळीच्या प्रसंगांत धाप लागलेली असताना श्वास सावरून सुरात उभं राहायचं, आणि गाणं संपताच पुन्हा त्याच वेगानं संवादात शिरायचं, हे फार अवघड काम आहे. दामले ते इतक्या सहज करतात की कष्ट दिसतच नाहीत, म्हणून समीक्षेतही त्यांची नोंद कमी झाली असं मला वाटतं.

‘संशयकल्लोळ’च्या नव्या प्रयोगांत त्यांनी काय केलं? गाण्याचा भार अश्विनशेठ झालेल्या राहुल देशपांडेंवर राहू दिला आणि स्वतः फाल्गुनराव घेतला. गळा असलेल्या नटाला हे सुचणं, आवडणं, ही त्याच्या नाट्यदृष्टीची खूण आहे.

६ नोव्हेंबर २०२२ रोजी षण्मुखानंद सभागृहात ‘एका लग्नाची पुढची गोष्ट’च्या प्रयोगानं त्यांचे १२,५०० प्रयोग पूर्ण झाले. चाळीस वर्षांत सरासरी काढली तर वर्षाला तीनशेहून अधिक. यात दौऱ्यांतला रात्रीचा प्रवास, सर्दी-खोकला, घरचे प्रसंग सगळं आलं. एका दिवसात पाच प्रयोग केल्याची नोंदही त्यांच्या नावावर आहे.

पण मला सर्वांत कठीण वाटतात ते डिसेंबर २०२० चे प्रयोग. टाळेबंदीनंतर निम्म्या खुर्च्या रिकाम्या ठेवण्याच्या अटीवर नाट्यगृहं उघडली, तेव्हा सर्वांत आधी पुढे आलेल्यांत दामले होते. हशा शेजाऱ्याकडून शेजाऱ्याकडे जातो. एक माणूस हसला की बाजूच्याला हसायची मोकळीक मिळते. मधली खुर्ची रिकामी असली की ही साखळी तुटते, त्यातून तोंडावर मास्क. हसू दिसतही नाही. इतकी वर्षं कानानं ओळखलेलं प्रेक्षागृह अचानक अनोळखी झालं असणार. पैशांच्या हिशेबात तर निम्मं नाट्यगृह म्हणजे तोटाच. तरीही प्रयोग झाले, कारण पडद्यामागच्या माणसांचं पोट त्या एका प्रयोगावर होतं.

२०२३ मध्ये ते अखिल भारतीय मराठी नाट्य परिषदेचे अध्यक्ष झाले. २०२४ मध्ये ‘गेला माधव कुणीकडे’ विनय येडेकरांसह पुन्हा रंगमंचावर आलं. पहिल्या प्रयोगांना आईवडिलांबरोबर आलेली मुलं या वेळी स्वतःची मुलं घेऊन आली.

पुढच्या आठवड्यात : विजय चव्हाण आणि त्यांची मावशी.